सहा वेळा ‘व्हय म्हाराजा’

कांजूरमार्ग, मंगळवार

ती. कुंदावहिनींना धाकट्या जावेचा, सुलक्षणाचा, वाकून नमस्कार. आपली कंबर आता कशी आहे? दादांनी आंब्यावर चढणं सोडलं असेलच (नसेल तर निदान चष्मा लावून चढावं). इकडे सर्व क्षेम आहे, फक्त हे गेले आठ दिवस माझ्याशी धड बोलत नाहीत.

त्याचं असं झालं. आमच्या दिशाच्या कॉलेजातला शौनक म्हणून पवईचा मुलगा सिनेमा काढतो आहे. विषय काय, तर गाव सुटलेल्या माणसाचा देव टॉवरमध्ये कसा राहतो. (कसा राहणार, आमच्यासारखाच, कचऱ्याचा वास आला की खिडकी लावून.) कानात डूल होता, पण चपला बाहेर काढल्या म्हणून मी हो म्हटलं. देवघर बघून म्हणाला, “काकू, तुमची सगळी आयडेंटिटी या कोपऱ्यात आहे.” त्या कोपऱ्यात मी धुतलेल्या दुधाच्या पिशव्या वाळत घालते, पण म्हटलं असेल.

त्याला आपल्या गावच्या रवळनाथाला घालतात तसं गाऱ्हाणं हवं होतं. ते ह्यांनीच घालायचं, पण कॅमेरा समोर आला आणि ह्यांना रवळनाथाचं नावच आठवेना. शौनक म्हणाला, “काकू, तुम्ही घाला, काका मागून व्हय म्हाराजा म्हणतील. काहीही मागा, खोटं चालेल.” त्याला चालेल हो, देवाला कसं चालेल? म्हणून मनात होतं तेच मागितलं. बा देवा म्हाराजा, रिटायर झाल्यापासून ह्येंच्या डोक्यात गावाक कायमचा जावन रवाचा खूळ भरला हा, ता दूर कर, आणि माझा भजनीमंडळ माका सोडूक लावू नको रे म्हाराजा.

शौनक म्हणाला, “काका, रिस्पॉन्स द्या ना.” दिला. मग एकदा कुकरची शिटी झाली, एकदा माइक पडला, असे सहा टेक झाले आणि सहाही वेळा हे व्हय म्हाराजा म्हणाले. शेवटी तर हात जोडून, कारण भाव कमी पडत होता.

आता म्हणतात, “तो अभिनय होता गं.” मी म्हटलं, ते शौनकला सांगा, रवळनाथाला नका सांगू. तेव्हा ह्यांनी आपल्याला मागची खोली रंगवायला सांगितली आहे, तो रंग तूर्त डब्यातच राहू द्यावा. मुलांना आशीर्वाद.

आपली,
सुलक्षणा

ता. क. फोनवर बोललं की हे ऐकतात, म्हणून पत्र शिवदासभावोजींच्या हाती देते आहे. ते उद्याच गाडीने गावी निघतात. पत्र पोचल्याबरोबर गुरवाकडून देवाला कौल लावून घ्यावा, की पहिलं घातलेलं गाऱ्हाणंच खरं, नंतरचं नाही.

ता. क. दुसरा. घाईचं कारण असं, की उजेड कमी पडला म्हणून येत्या रविवारी सगळं परत घ्यायचं आहे. ह्यांना आता रवळनाथाचं नाव आठवतं. गाऱ्हाणं हे घालणार आणि मागून व्हय म्हाराजा मी म्हणायचं. कौल उजवा, म्हणजे माझ्या बाजूने, पडला तर लगेच फोन करावा. डावा पडला तर पोस्टाने कळवावं, सोमवारनंतर मिळालं तरी चालेल.