गोडा मसाला, मुक्काम वेलचेरी

आई, तू गेलीस तरी तुझा गोडा मसाला माझ्याकडे येत राहिला. तुझ्यामागे वहिनीने तो वसा घेतला; दर उन्हाळ्यात डबा यायचा आणि इकडे तमिळ मुलखात, वेलचेरीच्या या चौथ्या मजल्यावर वर्षभर आमटी व्हायची. यंदा डब्याऐवजी वहिनीचा फोन आला, "वन्सं, हात थरथरतात हो आता. भाजणं होत नाही." माझ्या तमिळ सुनेने लगेच मोबाईलवरून विकतचा मसाला मागवला. ती आमटी ह्यांनी ओरपली आणि म्हणाले, "सांबार बरं झालंय हं आज!" ते हसले, मला मात्र झोंबलं. म्हटलं, तुझी आमटी माझ्या डोळ्यांदेखत माझ्याच घरातून जाऊ द्यायची नाही. मसाला मीच करणार.

करणार म्हटलं खरं, पण तू मला कधी कढईजवळ बसू दिलंस? परसात चूल मांडून तू भाजते आहेस, मी दारात उभी राहून एकसारखी विचारते आहे, "आता काय घातलंस? हे झालं का?" तू वर न बघता म्हणतेस, "तोंड चाललं की हात विसरतो. जा, कुरडया राख." म्हणून जे पाहिलं ते लांबूनच. प्रत्येक जिन्नस वेगळा, थेंबभर तेलावर. खोबरं नि तीळ शेवटी.

अडलं ते दगडफुलापाशी. ते आपल्या मुलखातच मिळतं ही माझी पक्की समजूत, म्हणून कोण येतंय इकडे, याची फोनवर चौकशी चाललेली. सुनेने मोबाईलवर त्याचं चित्र काढलं आणि ओरडलीच, "अत्तै, हे तर कल्पासी! माझी अम्मा कुळंबूत टाकते. कोपऱ्यावरच्या दुकानात मिळतं." काखेत कळसा म्हणतात तो हाच, आई! बसच्या पाट्या वाचून तमिळ शिकले मी, पण त्या दुकानातल्या मसाल्याच्या फळीकडे कधी मान वर केली नाही. दुकानदाराने 'पाटी', म्हणजे आजी, अशी हाक मारून विचारलं, "बिर्याणी का?" म्हटलं, "नाही रे, आमटी. आमचं कुळंबू. आणि गूळही दे त्यात घालायला." त्याने सुनेकडे असं पाहिलं, जणू म्हणतोय, म्हातारीला डॉक्टरकडे न्या.

पहिल्या घाण्याचं खोबरं करपलं. टाकून दिलं, कढई घासली, पुन्हा बसले. सुनेला मात्र शेगडीशीच उभं केलं. म्हटलं, हवं ते विचार, बोलत राहा. तिने इतकं विचारलं की तीळ तडतडून अर्धे ओट्यावर उडाले. उडू देत. मग तूरडाळ घोटली, हिंग-मोहरीची फोडणी, चिंचेचा कोळ, गूळ, नवा मसाला, आणि चांगली उकळी. ह्यांनी भाताचं आळं केलं, आमटी ओतून घेतली, आणि ओरपून संपवली. मग ताट पुढे केलं, पुन्हा वाढ म्हणून. वहिनीचा डबा भरून ठेवलाय. या खेपेला तो इथून तिकडे जाईल.

हे पत्र कुठे धाडायचं नाही, म्हणून तुला खरं ते सांगते. तुझ्या आमटीची चव मला आता आठवत नाही. आज झाली ती तुझीच की नाही, कोण जाणे. मी मात्र ती तुझीच म्हणून वाढली.