निवाड्यात माझाच भाव

सिल्वासा,
ता. १२ नोव्हेंबर १९९४

ती. भास्कररावांच्या सेवेशी वाल्मिकचा नमस्कार, आणि तोही वाकून.

इकडे सर्व खुशाल. तिकडे नवापुरात तुमचा दमा, वहिनींचे गुडघे आणि तुमचे हेडमास्तर यांची प्रकृती कळवावी (पहिल्या दोघांना लवकर आराम पडो). पत्रास कारण की, तुमचे आभार मानायचे आहेत. वाक्य पुन्हा वाचू नका, बरोबरच वाचलंत. तुमची बहीण शेजारी बसून ओळ न् ओळ तपासते आहे.

पंच्याऐंशी साली मी कचेरीसमोर चहाची गाडी लावत होतो. साहेब लोक चहावाल्यासमोर मोकळं बोलतात, आणि माझे कान तुम्हाला ठाऊक आहेत. खडोलीकडे मोठा रस्ता होणार, हे मी तिथेच ऐकलं. दमणच्या शेटजींकडून वीस गुंठे घेतले, तुम्हालाही शेजारचे पाच घ्यायला लावले, भाव दोघांना एकच, गुंठ्याला बाराशे. (रस्ता होणार एवढं ऐकलं. तो माझ्याच जमिनीवरून होणार हे ऐकण्याआधी साहेबांचा चहा संपला.)

मग आपण रजिस्ट्रारकडे गेलो. इथली रीत तुम्हाला माहीत होती: मोजायचे बाराशे, लिहायचे चारशे, स्टॅम्पाचे पैसे वाचवायचे. मी चारशे लिहिले. तुम्ही म्हणालात, दिले तेवढेच लिहीन. शेटजी, दस्तलेखक आणि मी, तिघांनी अर्धा तास समजावलं, पण तुम्ही हलला नाहीत. पुढे त्याच जमिनीवर बांधलेल्या माझ्या हॉटेलच्या वास्तुशांतीला चाळीस पानांच्या पंगतीत मी ओरडून सांगितलं, आमच्या मास्तरांनी सरकारला आहेर केलाय. सगळे हसले. तुम्हीही हसलात, ताटातला भात संपवलात, महिन्याभरात इथली नोकरी सोडून गेलात, ते आजतागायत या दारात आला नाहीत.

आता पुढचं ऐका. वीसपैकी सोळा गुंठे रस्त्यात गेले. मोजणीला माणसं आली त्यांना मी भरीत-भाकरी जेवू घातली, त्यांनीही विहीर आणि आंब्याची चार झाडं अगदी मायेने मोजली. भरपाईचा निवाडा आला तर गुंठ्याला चारशे चाळीस! मी तणतणत भूसंपादनाच्या साहेबांकडे गेलो. आजूबाजूला कोणी कुणाला काय मोजलं ते सगळं मला कानाने पाठ होतं, ते मी म्हणून दाखवलं. साहेबांनी शांतपणे ऐकलं, फाइल उघडली आणि माझंच खरेदीखत माझ्यापुढे केलं.

"वाल्मिकभाई, भाव तुमचाच आहे. आम्ही तर वर चाळीस घातले."

सही माझी, आकडा माझा. आपल्याच हाताने आपला गळा इतक्या सुवाच्य अक्षरात कुणी कापला नसेल. तुमच्या खताचं नाव काढलं तर म्हणाले, तुकडा लहान, एकट्याचा दाखला, धरता येत नाही.

उरलेल्या चार गुंठ्यांवर हॉटेल उभं राहत नाही, आणि चारशे चाळीसने दुसरी जागा मिळत नाही. हॉटेल उठलं तर माझ्याबरोबर नऊ माणसं उठतात. म्हणून कोर्टात गेलो. वकील रमाकांत यांनी त्या पट्ट्यातली सगळी खतं उपसली. सगळे माझ्यासारखेच हुशार निघाले. खरा भाव लिहिलेला कागद एकच, तुमचा. तुमची सही पाहून मी हात जोडले. रजिस्ट्रारच्या कारकुनाला वाटलं, त्यालाच जोडले. त्याने खुर्ची दिली.

भास्करराव, पंगतीत बोललो ते चुकलं. तुमच्या त्या हट्टामुळे आज माझ्या बाजूने बोलणारा एक तरी कागद आहे. हे उपकार मी मानतो, आणि हे बोलायला इतकी वर्षं लावली याची लाज वाटते.

आपला,
वाल्मिक

ता. क. नुसता कागद कोर्टात चालत नाही. घेणाऱ्याने किंवा विकणाऱ्याने येऊन सांगावं लागतं की एवढे दिले. शेटजी गेल्या वर्षी वारले. राहिलात तुम्ही. पाच डिसेंबरला तारीख आहे. मूळ खत घेऊन या, वापी स्टेशनवर मी उभा असेन.

ता. क. २. समोरचा वकील विचारेल, यांनी तुम्हाला पत्र लिहिलं होतं का? रमाकांत म्हणाले, नाही म्हणायला सांगा. महिन्याभरात पहिल्यांदा मी पोट धरून हसलो. तुम्ही हो म्हणा आणि हे पत्रच दाखवा. यात माझ्या चारशेची कबुली आहे. स्टॅम्पाचा दंड झाला तर भरेन.

दादा, मी नलू. यांनी हे पत्र चार दिवस घेऊन लिहिलं, खाली कार्बन मी घातला होता. कोर्टाला मूळ लागलं तर तारखेला घेऊन येईन, तोवर ते माझ्या पेटीत. तुला पाठवते ती नक्कल. असा कागद यांच्या हातून पुन्हा निघायचा नाही. निकाल कसाही लागो, तू दोन दिवस आधी जेवायला ये.