पेल्यावरचा चमचा

प्रिय पेरिहान,

पेपरात तुझा फोटो पाहिला. इस्तंबूलला आठवडाभर तुझेच माहितीपट दाखवणार आहेत म्हणे. केस पांढरे झालेत, कोट मात्र तोच. मी अजून मालिकांचा आवाज टिपतो. पगार वेळेवर, जेवण गरम. माझी कीव करू नकोस, मी पुरेशी केली आहे.

तुझं मला कायम नवल वाटत आलं. कुठलीही वाहिनी दारात उभं करत नव्हती तेव्हा तू स्वयंपाकघरात बसून संकलन केलंस, आणि प्रत्येक फिल्म आधी तिच्यातल्याच माणसांना दाखवलीस, गावच्या कॉफीखान्यात भिंतीला चादर लावून. एक खाणकामगार म्हणाला, "ताई, माझं रडणं तेवढं काढा, पोरं हसतील." तू सगळ्यात सुंदर तुकडा निमूट कापलास. मी दोन दिवस तुझ्याशी बोललो नव्हतो. एवढं काळीज तू कुठून आणतेस, हे मला आजही कळलेलं नाही.

हाजेर आजींच्या घरी तर तू कमालच केलीस. त्यांचा मुलगा इल्यास खाणीत दगावला आणि मालकांनी अपघाताचा दोष त्याच्यावरच टाकला. त्या सकाळी निघताना तो आईला काहीतरी सांगून गेला होता. ते ऐकायला आपण तीन हिवाळे त्यांचा चहा पीत बसलो. अखेर त्या बोलू लागल्या, आणि मध्येच त्यांनी चमचा पेल्यावर आडवा ठेवला. म्हणजे चहा बस झाला, आता ओतू नका. तू लगेच कॅमेरा बंद केलास. मग त्यांनी सगळं सांगितलं, आणि तू त्यांचा हात धरून नुसती ऐकत राहिलीस. बाहेर आल्यावर मी ओरडलो, "वेड लागलंय का तुला? चमचा चहासाठी होता." तू विचारलंस, "खात्री आहे तुझी?" फिल्म त्या गोष्टीविनाच पूर्ण झाली.

पेरिहान, तू कॅमेरा बंद केलास तरी माझा रेकॉर्डर चालूच होता. एकोणीस वर्षं ती टेप माझ्या कपाटात मोज्यांखाली पडून होती. मी ती कधी ऐकली नाही, फेकलीही नाही. तुझा फोटो पाहिला आणि लाज वाटली.

गेल्या मंगळवारी ती घेऊन आजींकडे गेलो. त्यांनी नव्वदी ओलांडली आहे. मी सगळं कबूल केलं. त्यांनी टेप उलटसुलट करून पाहिली आणि शेगडीचं झाकण उचलून आत टाकली. म्हणाल्या, "चोरून नेलेलं माझं बोलणं मला नको. त्या पोरीनं पुन्हा मागितलं असतं तर दिलं असतं. ती मागेना, आणि मी आपली वाट बघत बसले." मी मान खाली घालून चहा संपवला, चमचा पेल्यावर ठेवला. आजींनी तो उचलून बशीत ठेवला आणि पेला पुन्हा भरला. "तिला कॅमेरा घेऊन यायला सांग. लवकर ये म्हणावं, माझ्याकडे फार दिवस नाहीत." म्हणून हे पत्र. आवाजासाठी माणूस लागेलच. मी रजा टाकली आहे. या वेळी चमचा आडवा झाला की माझा रेकॉर्डर आधी बंद होईल.

तुझाच,
जेव्देत