धावपट्टीवरचे शंभर मीटर

२ जून, सोमवार
आजपासून रोज लिहायचं. मोठे खेळाडू लिहितात म्हणे.
कमिटीने नावं जाहीर केली. महासागरातल्या सगळ्या बेटांची मोठी स्पर्धा, जुलैच्या तिसऱ्या आठवड्यात. आपल्या देशातर्फे शंभर मीटर पुरुष: मी, इयाकोपो. शंभर मीटर महिला: सुलिया, माझ्या बहिणीची मुलगी, वय वर्षं सतरा. पथकप्रमुख मालाकी, तो कशातच धावत नाही. एकूण तिघं.
लोसा म्हणाली, पुरुषांत दुसऱ्या कुणी नावच दिलं नव्हतं ना? मी म्हटलं, दहशत असते एकेकाची. बायकोला स्पोर्ट्समधलं कळत नाही.

३ जून
संकल्प. दुकानात काउंटरवर बसून बिस्किटं खाणं बंद. भात एकदाच वाढून घ्यायचा. डबाबंद मटण फक्त शनिवारी. वजन ८४, पैकी बरंचसं स्नायू.
ध्येय एकच. विमानाच्या धावपट्टीकडेच्या शेडमध्ये फळा आहे. त्यावर पांढऱ्या रंगात लिहिलंय: १०० मीटर, साउलो, ११.८, सन १९८८. साउलो म्हणजे आमचे बाबा. माझ्या जन्माआधीपासूनचा फळा. शाळेत धावलो की मास्तर म्हणायचे, साउलोचा ना तू? मग असा काय रे? आता चौतीस वर्षांचा झालो, तरी दुकानात येणारी म्हातारी म्हणते, साउलोच्या पोरा, दोन किलो तांदूळ दे. माझं नाव तिला माहीतच नसावं. नाव पुसायचं आणि नाव लिहायचं. बस्स.
दुकानातूनच पांढऱ्या रंगाचा डबा आणि एक ब्रश घरी आणून ठेवला.

४ जून
सराव सुरू. विमान आठवड्यातून दोनतीनदा, बाकी वेळ धावपट्टी आपलीच. संध्याकाळी सगळं गाव तिथं. व्हॉलीबॉल, चटया, मोटरसायकली, चिल्लीपिल्ली.
आमचे शंभर मीटर म्हणजे वरच्या टोकाच्या पांढऱ्या दगडापासून खाली शेडपर्यंत. बाबाही असेच धावले, सगळेच असे धावतात. शेडपाशी लोक बसतात, शर्यत संपवायची ती लोकांसमोर.
सुलिया मात्र उलटी धावते. शेडपासून दगडाकडे. हातात उष्ट्याची बादली, कारण दगडापलीकडे डुकरांची कुंपणं आहेत. म्हणते, मामा, डुकरांना घालायला जायचंच आहे, तर धावत जाते. येताना रमतगमत चालत येते. मी समजावलं, अगं, तिकडे टाळ्या कोण वाजवणार, डुकरं? ती हसली आणि गेली.
माझी वेळ १२.४. घड्याळ बाबांच्या हातात. बाबा म्हणाले, वारा बरा होता आज. मी म्हटलं, कुठला वारा? मला तर धावताना कणभरही लागला नाही. बाबा जुने मासेमार. वय झालं की माणसाला सारखा समुद्रावरचा वाराच आठवतो.

९ जून
१२.२. बिस्किटं बंद केल्याचा परिणाम. (कालचा रविवार. चर्च, मग जेवण. रविवारी खेळ नाही. बिस्किटं खेळात येत नाहीत.)

१३ जून
आज भलताच फॉर्म. टोपी डोक्यावरून उडाली ती माझ्या पुढे पुढे गडगडत गेली आणि शेडपाशी माझ्या आधी पोहोचली. लोक फार हसले. वेळ १२.०. टोपीची कुणी मोजली नाही.
सुलिया आज अर्ध्यातच दमून थांबली. बादली खाली, हात गुडघ्यांवर. पोरीत चिकाटी नाही. तिला म्हटलं, तंत्र चुकतंय तुझं. दगडाकडून इकडे धाव, बघ कसं हलकं वाटतं. ती म्हणाली, मामा, डुकरं इकडे नाहीत ना.
तिची वेळ घ्यायला बाबा जातात, पार दगडापर्यंत, चालत. गुडघे दुखतात म्हणून घरात पाण्याचा ग्लास मागतात आणि तिकडे बरे जातात. मी माझी टोपी झटकत बसलो. लागलं मात्र.

१९ जून
आज ढगही नाही, पानही हललं नाही. वेळ १२.९. कारण शोधलं: नवे बूट. कमिटीने दिलेले, खिळ्यांचे. डांबरावर खिळे म्हणजे नुसतं टकटक. बूट काढून ठेवले.
बाबा म्हणाले, आज खरी वेळ आली. खोचक स्वभाव पहिल्यापासून.

२४ जून
निरोपाची जेवणं सुरू. देशातल्या प्रत्येक बेटाची मंडळी इथं आहेत आणि प्रत्येकाचं स्वतःचं सभागृह. प्रत्येक सभागृहाने आम्हाला जेवायला बोलवायचं, हार घालायचे, नाच करायचा. नाही म्हणणं म्हणजे त्या बेटाचा अपमान. आठ सभागृहं आहेत. देशासाठी माणूस काय काय करतो!
आज डुकराचं मटण, नारळाच्या दुधातला पुलाकाचा कंद, मासे, पुन्हा मटण. सुलिया दोन घास खाऊन उरलेलं शेजारच्या पानाकडे सरकवते, म्हातारीच्या मांडीवरच्या नातवाला भरवते, आणि कुणाला कळतही नाही. मी मात्र प्रामाणिकपणे खातो.

२ जुलै
पाचवं सभागृह. वजन ८७. काटा दुकानातला, तांदळाचा. त्याच्यावर किती विश्वास ठेवायचा? लोसा म्हणाली, याच काट्यावर तुम्ही गावाला तांदूळ विकता. विषय बदलला.

८ जुलै
इतिहास!
सकाळपासून सुसाट हवा. माडाच्या झावळ्या सगळ्या शेडच्या दिशेने ताठ. व्हॉलीबॉलवाले घरी गेले, चटया गुंडाळल्या. मी म्हटलं, अशा हवेतही जो सराव करतो तोच खरा. दगडापाशी उभा राहिलो. शर्ट पुढे फुग्यासारखा. बाबांनी हात केला आणि मी निघालो. पाय जमिनीला लागत होते की नाही, देव जाणे. ८८ किलोचा माणूस आणि पीस झालो होतो पीस!
वेळ ११.७.
बाबांचे ११.८ गेले. मी ओरडलो, रंग आणू का? बाबा घड्याळाकडे बघत बसले. मग म्हणाले, तिथं पळून ये. मग लिहू. म्हटलं, फळ्यावर तर तुमचीही इथलीच वेळ आहे. ते उठून घरी गेले. सदतीस वर्षांचा मान जातोय, माणसाला वाईट वाटणारच. मला त्यांची दया आली. रात्रीच्या जेवणात त्यांना माशाचं डोकं वाढलं.
सुलिया त्या हवेत बादली घेऊन गेली होती. डुकरांपर्यंत पोहोचायला तिला किती वेळ लागला विचारू नका. बाबा म्हणाले तिने एकदाही पाठ फिरवली नाही. मी म्हटलं, हट्टीच आहे ती.

१६ जुलै, बुधवार
निघालो. धावपट्टीवर सगळं गाव. गळ्यात इतके हार की शिडी दिसेना. चावट पोरं ओरडली, साउलोच्या पोरा, जिंकून ये! म्हटलं, आल्यावर माझं नाव विचारीन तुम्हाला.
लोसाने हळूच सांगितलं, हरलात तरी सरळ घरी या, कारणं शोधत बसू नका. अपशकुनी बोलणं.
बाबांनी फक्त सुलियाच्या डोक्यावर हात ठेवला. माझ्या खांद्यावर ठेवला असता, पण हारांमुळे जागा नव्हती. तसंच असणार.

१८ जुलै
उद्घाटन. झेंडा मी धरावा असं माझं मत होतं. मालाकीने चिठ्ठी टाकली, सुलियाचं नाव निघालं. चिठ्ठ्या मी तपासल्या, बरोबर होत्या. मी मागून हात हलवत चाललो. स्क्रीनवर माझा डावा कान दिसला असं मालाकी म्हणतो.
मेसमध्ये जेवण फुकट आणि हवं तेवढं. इथं कुठल्याही बेटाचा अपमान होत नाही, तरी सवय.

२१ जुलै, सोमवार, सकाळ
आज. पोट थोडं जड, मन हलकं. ११.७ म्हणजे कदाचित दुसऱ्या फेरीत. रंगाचा डबा घरी कपाटात आहे. दुसरा हात द्यावा लागला तर पुरेल का, हा विचार डोक्यात आहे.

२१ जुलै, दुपार
१२.९४. आठवा. आठ जण होते.
काय झालं ते लिहितो. बंदूक वाजली, मी निघालो. आणि काहीच झालं नाही. म्हणजे पाठीवर रोज जो हात असतो तो नव्हता. शर्ट अंगाला चिकटलेला. मैदानाला चारी बाजूंनी उंच भिंती, आत झुळूकसुद्धा नाही. बाकीचे सात पुढे गेले आणि मला वाटलं मी अजून दगडापाशीच उभा आहे. पहिल्यांदा कळलं शंभर मीटर किती लांब असतात.
संपल्यावर एका स्वयंसेवक बाईने पाण्याची बाटली दिली आणि विचारलं, तुम्ही कोच का? हो म्हटलं.

२१ जुलै, संध्याकाळ
सुलिया पाचवी आली. १२.६१. धावून आली ती हसतच होती. म्हणाली, मामा, इथे किती सोपं आहे! समोरून कुणी ढकलतच नाही! आणि हातात बादलीही नाही!
मी तिला मिठी मारली. मग स्वच्छतागृहात जाऊन दहा मिनिटं बसलो.
तिने घरी फोन लावला. बाबांनी वेळ ऐकून फोन लोसाकडे दिला म्हणे आणि उठून शेडकडे गेले.

२४ जुलै
घरी काय सांगायचं यावर विचार. पर्याय: बूट. पोट (मेसचं जेवण). घड्याळ बिघडलं. लेन वाईट, कडेची. यातलं बूट सगळ्यात बरं वाटतं, कारण बूट बोलत नाहीत. मालाकीला विश्वासात घेतलं. तो म्हणाला, निकाल फोनवर सगळ्या गावाने बघितलाय रे.

२६ जुलै, शनिवार
पोहोचलो. सगळं गाव धावपट्टीवर, हार, नाच. हार सुलियाला. मलाही एक, तिच्या गळ्यात जागा उरली नाही म्हणून.
मी बुटांचं सुरू करणार इतक्यात बाबांनी विचारलं, तिथं वारा कुठून होता? म्हटलं, नव्हताच. ते म्हणाले, हं.
मग शेडच्या मागे घेऊन गेले मला. म्हणाले, मीही गेलो होतो रे, एकोणनव्वद साली. हे मला माहीतच होतं. पाऊस पडला, शर्यत रद्द झाली, असं आजवर घरी सांगत आले. आज म्हणाले, पाऊस नव्हता. मी पळालो. १२.८ आली. परत आलो तर फळ्यावर आधीच नाव रंगवलेलं, गावाने हार घातलेले. काय सांगणार होतो? सांगितलंच नाही. तुला वाऱ्याचं सुचवत होतो. कळेल वाटलं होतं. सरळ सांगायचं धाडस झालं नाही.
मी हिशेब केला. म्हणजे बाबांच्या खोट्या रेकॉर्डला मी इथल्या वाऱ्यावर मागे टाकलं आणि खऱ्या वेळेला मागे टाकू शकलो नाही. हेही मी मोठ्याने बोललो. बाबा म्हणाले, थोडक्यात राहिलास. आणि खांद्यावर हात ठेवला. या वेळी हार एकच होता.

२८ जुलै, सोमवार
संध्याकाळी बाबांनी सगळ्यांसमोर ओल्या फडक्याने फळा पुसायला घेतला. जुना रंग निघेना, मग चाकूने खरवडला. साउलो गेला, ११.८ गेले. बाबा म्हणाले, इयाकोपो, रंग आहे ना घरी? गावादेखत माझं नाव घेतलं. तांदूळवाल्या म्हातारीने शेजारणीला विचारलं, इयाकोपो कोण?
रंग आणला. अक्षर गावात माझंच बरं आहे, दुकानाच्या पाट्या मीच रंगवतो. लिहिलं: १०० मीटर, सुलिया, १२.६१. खाली बरीच जागा उरली. अर्धा डबाही उरला.
लिहून झाल्यावर सुलिया म्हणाली, मामा, उद्यापासून माझ्याबरोबर तिकडून धावणार? म्हटलं, उद्या कशाला, आत्ताच. शेडपासून दगडाकडे, तोंड वाऱ्याला. ती पोहोचली. मी व्हॉलीबॉलच्या जाळ्यापर्यंत गेलो, मग चालत. डुकरांनी मान वर करून बघितलं.
बादली आज माझ्या हातात होती, हे कारण नोंदवून ठेवतो.