चावडीतला प्रश्न

सावाइई बेट, सामोआ,
रविवार, चर्चमधून आल्यावर

लाडक्या मारेतास,

दादाचा आणि घरातल्या सगळ्यांचा आशीर्वाद. तिकडे ऑकलंडला गारठा पडला असेल. गुडघे शेकत जा. चटई विणायला बसलीस की उठायचं भान तुला राहत नाही, लहानपणापासूनची खोड.

इकडे सगळं ठीक. नीरफणस यंदा इतका आलाय की डुकरंही तोंड फिरवतात. नवीन पाद्रीबाबा प्रवचन लांबवतात, पण गळा गोड आहे म्हणून गाव सोसतंय. वहिनी तुझी ठणठणीत. माझ्या डाव्या डोळ्यात पडदा आलाय, उजव्याने लिहितोय, तेव्हा ओळी वाकड्या गेल्या तर हसू नकोस.

तुझा लाफाएले मजेत आहे. पोटभर जेवतो. सकाळी किनाऱ्यावर पळतो. मांड्या अजून चर्चच्या खांबांसारख्या. परवा वादळात पडलेला माड एकट्याने खांद्यावर घेऊन आला, तर बायका मला म्हणाल्या, "पेनिआमिना, भाचा ठेवून घ्या, बैल विका."

फोनवर तू दोनच गोष्टी विचारल्यास. घराण्याच्या प्रमुखाचं मोठं नाव त्याला दिलं तो सोहळा कसा झाला, आणि त्याला परत कधी पाठवताय. इंग्लंडच्या त्या रग्बी क्लबचा माणूस उत्तराची वाट बघतोय, एका हंगामाचा करार आहे, वय उलटायच्या आत शेवटचं खेळून घेऊ दे, असं म्हणालीस. मी "हॅलो, हॅलो, ऐकू येत नाही" म्हणून फोन ठेवला. ऐकू येत होतं. लाफाएले शेजारीच बसला होता, एवढंच.

सोहळ्याला गर्दी खूप होती. तू पाठवलेल्या चटया सगळ्यांनी हात लावून लावून बघितल्या. असली विणकर बहीण देवाने एकालाच दिली, असं वाएलुआ म्हातारा म्हणाला. बाकी भेटीत बोलू.

मंगळवार

पाकीट चिकटवायलाच घेतलं होतं. तुझ्या वहिनीने, सिनिवाने, ते वाचलं आणि माझ्यासमोर टाकलं. म्हणाली, "हे पत्र आहे की बाजारातल्या गप्पा? बहिणीला लिहिताय की सरकारला?" मग पाकीट उचलून कोरा कागद माझ्यापुढे सरकवला.

सोहळा पार पडला नाही, मारेता. नाव त्याला मिळालेलं नाही.

सांगतो. चावडीत सगळी घराणी आपापल्या खांबाला पाठ लावून बसली होती. लाफाएले माझ्या बाजूला, अंगाला तेल, कमरेला गुंडाळलेली तुझी तलम चटई. त्याला बघून माझा ऊर भरून आला. आपल्याकडे खेळतात ती पंधरा जणांची रग्बी, पण ह्या पोरासाठी अख्खं गाव तेरा जणांची बघायला शिकलं. सिडनीत त्याची पहिली मॅच होती तेव्हा दुकानातल्या टीव्हीपुढे माणसं खिडकीत लटकली होती. सामोआची निळी जर्सी घालून तो मैदानात युद्धनाच नाचला, त्या दिवशी तुझी ही वहिनी, जी लग्नातही रडली नाही, ती ओक्साबोक्शी रडली. तोच पोरगा आता आपल्या घराण्याचं नाव घेणार होता. त्याने फक्त गावाची बिरुदं क्रमाने म्हणायची, प्रत्येक घराण्याचा मान राखायचा आणि आभार मानायचे. किती दिवस मी त्याला शिकवत होतो! मी म्हणायचो, तो मान खाली घालून ऐकायचा, शेवटी "हो मामा". मला वाटायचं, परदेशात वाढूनही काय वळण लावलंय मारेताने, मोठ्यांसमोर शब्द काढत नाही. गावभर हेच कौतुक. आपल्यात गप्प पोराला कोणी विचारत नाही, बाबा रे, तुला काही होतंय का. गप्प म्हणजे शहाणा.

मानाचं पेय आवा ढवळून झालं. लाफाएलेने सुरुवात केली. पहिलं घराणं, दुसरं घराणं, आवाज खणखणीत. मग थांबला. पुन्हा पहिलं. पुन्हा दुसरं. पुन्हा थांबला. तिसरं घराणं वाएलुआचं, चावडीत काठी धरून बोलायचा मान त्याचाच.

वाएलुआ खाकरला. "काय रे पेनिआमिना, आमचं घराणं बुडाल्याची बातमी सिडनीला पोचली वाटतं?"

मी म्हणालो, "पोर घाबरलंय. सकाळी सकाळी तुझं तोंड बघून कोण घाबरणार नाही?"

हसली माणसं. वाएलुआ नाही हसला. त्याने काठी जमिनीवर टेकली आणि सरळ त्यालाच म्हणाला, "पोरा, तू कुठे बसलायस, हे तरी ठाऊक आहे का तुला?"

तुला माहीत आहे, हा प्रश्न उत्तरासाठी नसतो. मान खाली घालायची, मामाने पुढे सरकून माफी मागायची, आणि गाडी पुढे न्यायची. पण लाफाएलेने मान वर केली. चेहरा एकदम उजळला, शाळेत येतं ते विचारल्यावर पोरांचा उजळतो ना, तसा.

"घरच्या मैदानावर, डॉक्टर," तो म्हणाला. "दुसरा हाफ. शेवटचे गुण आपण केले. मागच्या आठवड्यात जिंकलो. मी ठीक आहे. मला खेळू द्या."

चावडी फुटली हसून. "वा रे पठ्ठे! वाएलुआ, डॉक्टर झालास की!" वाएलुआलाही हसू आवरेना. मग लाफाएलेने तेच पुन्हा म्हटलं. त्याच क्रमाने, त्याच आवाजात. उठायला लागला. मी दंड धरला, तर माझ्याकडे बघून म्हणाला, "सोडा ना डॉक्टर, पोरं खोळंबलीत." आता कोणी हसत नव्हतं. आवा वाटणाऱ्याच्या हातातली करवंटी हातातच राहिली.

वाएलुआने काठी आडवी खाली ठेवली. बोलणाऱ्याने चावडीत काठी खाली ठेवली की विषय संपला, ते तुला सांगायला नको. म्हणाला, "याला घरी घेऊन जा, पेनिआमिना. आमच्या घराण्याचा काहीएक अपमान झालेला नाही."

त्याने भांडण काढलं असतं तर मी त्याचे पाय धरले असते. दंड भरला असता, डुकरं कापली असती, वर्षभरात सगळे विसरले असते. पण त्याने माफ केलं. आणि ज्याला गाव असं माफ करतं, त्याला गाव नाव देत नाही. तुझ्या चटया मी परत घडी करून आणल्या.

संध्याकाळी त्याला अंगणात घेऊन बसलो. तो ताळ्यावर होता, हसतही होता. विचारलं, हे डॉक्टरचं काय रे? तर सहज सांगितलं त्याने, काल मासे कुठे मिळाले हे सांगावं तसं. "मामा, डोक्याला मार बसला की डॉक्टर मैदानात येतो. कुठे आहेस, कुठला हाफ, गुण कोणी केले, मागच्या आठवड्यात काय झालं, असं विचारतो. चुकलं की बाहेर. म्हणून मी आधीच घोकून ठेवायचो. पाणी देणारा गुणांचं कानात सांगून जायचा. सगळीच पोरं करायची."

मी म्हटलं, "आणि खरंच काही आठवत नसलं तर?"

"उत्तरं यायची ना."

"किती वेळा झालं असं?"

त्याने समोरच्या झाडाकडे बघितलं. मग मला विचारलं, "मामा, सोहळा कधी आहे?"

आता तुला राहिलेलं सांगतो. सोहळ्याच्या आधीच त्याला आपियाला दवाखान्यात नेलं होतं. डोकं दुखतं म्हणायचा, उजेडात डोळे मिटायचा. डॉक्टरीण भली बाई, आपल्याच बेटावरची. तिने डोक्याची छायाचित्रं काढली आणि मला एकट्याला आत बोलावलं. म्हणाली, "मामा, हाड असतं तर जोडलं असतं." म्हटलं, पुढे काय? म्हणाली, आज आहे तेवढाच चांगला, ह्यापुढे उतारच. मला वाटलं, ही पोरगी शहाणी असेल, पण घराण्याच्या नावात जी ताकद आहे ती हिच्या यंत्राला कशी दिसणार? नाव अंगावर आलं की माणूस ताठ होतो, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. म्हणून तुला कळवलं नाही. बुडत्याला काडीचा आधार म्हणतात. ती काडी चावडीत मोडली.

म्हणून सांगतो. क्लबच्या माणसाला नाही म्हण. तुला वाटेल, एक हंगाम, मग थांबेल. एक धक्काही नको. तो जायला एका पायावर तयार आहे. रोज सकाळी पिशवी भरून दारात उभा असतो, मी सांगतो, विमान उद्या आहे. त्याला पटतं. बहिणीशी खोटं बोलू नये, बहिणीचं लेकरू म्हणजे घराची पुण्याई, असं आपले वडील सांगून गेले. त्या पुण्याईशी मी रोज खोटं बोलतो आहे, आणि ते रोज चालतं, ह्याचंच जास्त वाईट वाटतं.

तिकडे तुझ्यासोबत विणणाऱ्या बायकांना काय सांगायचं ते तू ठरव. थकला, म्हणून गावी राहिला, असं सांगितलंस तरी इथून कोणी खोडणार नाही. वाएलुआने सगळ्यांना तंबी दिली आहे. काल तो स्वतः आला होता, भाजलेला मासा घेऊन. लाफाएलेशी तासभर मॅचच्या गप्पा मारत बसला. जुन्या मॅच त्याला अजून जशाच्या तशा आठवतात, कोणी कोणाला पाडलं, कुठे चिखल होता, सगळं. वाएलुआ जाताना माझा खांदा दाबून गेला.

एक गोष्ट लिहू नको असं सिनिवाने सांगितलंय. लिहितो. काल जेवायला बसताना लाफाएलेने तिला "आई" म्हणून हाक मारली. तिला वाटलं, मायेने म्हणाला असेल. मग तो म्हणाला, "आई, ऑकलंडहून कधी आलीस? मामा बोलले नाहीत." ती भांडं खाली ठेवून म्हणाली, "आज सकाळीच आले रे राजा." आणि त्याला वाढत राहिली.

तिला रागावू नकोस. दुसरं काय म्हणणार होती ती?

हे पत्र सिनिवाची भाची तिकडे घेऊन येईल. तिच्याच परतीच्या विमानाने ये. चटया, डबे, काही आणू नकोस. सामान बांधण्यात दिवस घालवू नकोस. तो कोणाला तरी आई म्हणतोय, तोवर समोर तू असावंस.

तुझा थकलेला,
दादा