नाकाच्या शेंड्यावरचा थेंब

शनिवार, २ ऑगस्ट
आले बाई एकदाची! ड्रेस्डेनहून ट्रेनने जेमतेम तासभर, टुमदार गाव, गावातल्या हॉस्पिटलात माझी नोकरी आणि तिथून चालत जाता येईल असं घर. घरासाठी अर्ज करून करून जीव मेटाकुटीला आला होता. आता तेवीस तारखेला नवरा क्षितिज आणि लेक अन्वी पुण्याहून आले की मी सुटले. लेकीला सोडून राहणं काय असतं ते माझं मला माहीत.

घर लख्ख आहे. मला घाणीचं वावडं, घरमालकीण फ्राऊ लिंडनरला कुणी आधीच सांगितलं की काय! सत्तरीच्या, गुबगुबीत, प्रेमळ बाई. दारातच हातात प्लमकेक ठेवला. फक्त त्यांच्या नाकाच्या शेंड्यावर पाण्याचा थेंब लोंबत होता आणि तो आता पडतो की मग, ह्या काळजीत मला त्यांचं बोलणं ऐकूच येईना. पडला नाही. त्यांनी जीभ वर करून चाटला. शी! म्हातारं माणूस, चालायचंच. त्या समोरून हलेनात, म्हणून तिथेच केक खाल्ला. छान होता. थोडा खारट.

सोमवार, ४ ऑगस्ट
कामावर रुजू झाले. आमचे साहेब जयंतराव, मूळचे साताऱ्याचे, पण सगळी हयात इथे गेलेली. काम पुण्यात करायचे तेच. पेशंट घरी गेला की डॉक्टरांचं पत्र वाचायचं आणि आजारांना कोड लावायचे. जयंतराव म्हणाले, आल्झो, म्हणजे तर मग, शर्वाणी, डॉक्टरने लिहिलंय तेवढंच आपलं. आणि एखादं लक्षण नुसतं दिसलं, त्यावर कुणी काही केलंच नाही, तर ते सरळ गाळायचं. डोकं चालवायचं नाही, म्हणे. बरंय, पगार त्याचाच.

पहिली फाइल विषाणूमुळे झालेल्या मेंदूज्वराची. डोकं फुटतंय, मान ताठ, उजेड सोसत नाही. पाठीतून पाणी काढून तपासलं, पण विषाणू कोणता ते काही सापडलं नाही. म्हणजे ए ८७.९, प्रकार अनिर्दिष्ट. शेवटी एक ओळ होती, नाकातून स्वच्छ पाणी, उपचार नाहीत. ती गाळली. पेशंट ठणठणीत होऊन घरी गेलेला.

रविवार, १० ऑगस्ट
ह्या घरात रविवारी सगळे भाडेकरू मागच्या अंगणात कॉफीला जमतात. आणि सगळ्यांची नाकं गळतात! ऐन ऑगस्टात! वरच्या मजल्यावरच्या हेर कुन्झेंचा थेंब माझ्या डोळ्यांदेखत क्रीममध्ये पडला. फ्राऊ लिंडनरनी ते क्रीम ढवळलं, चमचा चाटला आणि परत त्यातच खुपसला. उष्टं! माझ्या आईने भांड्यासकट फेकून दिलं असतं. आणि मी? मी खाल्लं. क्षितिज-अन्वीच्या आन्मेल्डुंगवर, म्हणजे इथल्या पत्त्याच्या सरकारी नोंदणीवर, बाईंची सही लागते, त्या रुसल्या तर लेकीला कुठे ठेवू? घरी येऊन तीनदा चूळ भरली, तरी चव जाईना.

बुधवार, १३ ऑगस्ट
आणखी मेंदूज्वराच्या फायली आल्या. पत्ता वाचला. पुन्हा वाचला. माझाच पत्ता. आमचंच घर. जुन्या फायली उघडल्या, तर कुन्झे तिथे, फ्राऊ लिंडनर तिथे. सगळे ए ८७.९, सगळे बरे, आणि प्रत्येकाच्या पत्रात नाकाची ती ओळ.

धावत जयंतरावांकडे गेले. म्हटलं, ही सर्दी नव्हे, मेंदूभोवतीचं पाणी गळतंय. ते म्हणाले, गेनाऊ, अगदी बरोबर, असेलही. एका घरातली माणसं, हातातोंडातून पसरतं, नवल काय? उपचार झालेत का, नाही ना, मग गाळ. रोगनिदान करणं आपलं काम नाही.

गाळलं. माझ्याच हातांनी पुसून टाकलं ते.

सोमवार, १८ ऑगस्ट
बाईंच्या स्वयंपाकघराचं दार उघडं होतं. केकचं पीठ भिजवत होत्या. भिजवता भिजवता थांबल्या, परातीवर वाकल्या आणि वाट बघत राहिल्या. एक थेंब. मग दुसरा. मग बाजूला झाल्या आणि कुन्झे वाकले. पाळीपाळीने! चेहऱ्यावर काय तो संतोष!

पित्त पडेपर्यंत ओकले. पहिल्या दिवसापासून तेच खातेय मी. क्षितिजला फोन केला, येऊ नका, तिकिटं पुढे ढकल. तो हसला. म्हणाला, पुन्हा तुझं सोवळं सुरू झालं का, अन्वीने बॅग भरून दारात ठेवलीय. दुसरं घर शोधतेय. कुठेच नाही.

बुधवार, २० ऑगस्ट
डोकं — पडदे ओढलेत तरी उजेड टोचतोय. हनुवटी छातीला लागत नाही. ए ८७.९. माझा कोड मीच लावला.

बाई उशाशी बसून आहेत. कपाळावर हात फिरवतात, तो हात ओला लागतो. ई! क्षितिजला लिहायला हवं, पण फोनचा उजेड —

गुरुवार, २१ ऑगस्ट
बरं वाटतंय. फारच बरं.

नाकातून पाणी. गार, पातळ. रुमाल शोधत होते आणि — चाटलं. शी, शी! ओकारी यायला हवी होती.

गोड आहे.

शुक्रवार, २२ ऑगस्ट
क्षितिजचा फोन. येऊ नका म्हणायला तोंड उघडलं आणि — या म्हणाले. लवकर या. मला नव्हतं म्हणायचं. देवा, मला अजिबात नव्हतं —

बाईंनी सही करून दिली.

शनिवार, २३ ऑगस्ट
अन्वीला मोदक आवडतात. उकड काढलीय. एका हाताने मळतेय, एका हाताने लिहितेय. वाकले. एक थेंब. दुसऱ्याची वाट —

वाफेला घालून झाले.

बेल. आले!

केवढी उंच झाली माझी चिमणी! विचारतेय, आई, तुझ्या नाकावर काय आहे. पुसायला हात वर केला तिने. मी हात धरला. मोदक गरम आहे, फुंकर घातली. आ कर म्हटलं. तिने आ —