हळदीच्या कागदावरची नावं

माय,

आज दुपारी हिंगोलीहून तुझ्या नातीच्या लग्नाची कार्डं छापून आली. जेवणाच्या टेबलावर पाहुण्यांची नावं मांडायची, ती. जाड कागद, सोनेरी किनार. छानच आहेत. मी एक उचलून वास घेतला तशी लेक हसली, म्हणाली, कार्डाला कसला आलाय वास? माझ्या लग्नातल्या कार्डांना होता, हे तिला सांगितलं नाही. तुलाच सांगावंसं वाटलं.

तेव्हा आपल्याकडं टेबल-खुर्चीचं जेवण नवं होतं. लोकांना पंगत ठाऊक, जो येईल तो ओळीत बसायचा. मी मैत्रिणीच्या लग्नात नांदेडला नावांची कार्डं पाहिली आणि तेच धरून बसले. हौस होती, हे खरं. पण नुसती हौस नव्हती. माझे सासरे आणि त्यांचे थोरले भाऊ कित्येक वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते. थोरल्यांनी सासऱ्यांची हळद शिजवायची कढई नेली आणि परत दिली तेव्हा तिच्या बुडाला भोक होतं, एवढंच कारण. ज्याचा मान कमी होईल तो आपली माणसं घेऊन न जेवता उठेल, असा निरोप सासूबाईंनी आधीच धाडला होता. वऱ्हाड उपाशी गेलं असतं तर त्या घरात मी कोणत्या तोंडानं पाऊल टाकलं असतं? म्हणून दोघांना दोन टोकांची दोन टेबलं, स्टेजपासून सारख्या अंतरावर. बाबांनी तर दोरीनं मोजून घेतलं.

कळमनुरीच्या छापखान्यातला भाव ऐकून बाबा तसेच माघारी आले. तू म्हणालीस, "आपून घरीच छापू." स्वयंपाकघरात परातीत हळद कालवून बसलेली तू मला अजून दिसतेस. ड्रॉइंगच्या कागदाचे तुकडे तू हळदीच्या पाण्यातून काढतेस, मी दोरीवर वाळत घालते. वाळले की मी भेंडी आडवी कापते, धुण्याच्या सोड्याच्या पाण्यात बुडवते आणि कागदाच्या कोपऱ्यावर दाबते. पिवळ्यावर पाच पाकळ्यांचं लाल फूल उमटतं. तू हातातलं काम टाकून बघत राहतेस. "कुंकवावानी झालं की गं." मग त्याच पाण्यात काडी बुडवून मी नावं लिहिते आणि लिहिता लिहिता ती लाल होतात. तू मधूनच विचारतेस, हे कोणाचं? मी वाचून दाखवते. सोड्यानं हळद लाल होते आणि लिंबानं परत पिवळी, हे मी तुला मास्तरीण असल्यासारखं समजावलं. लुगड्यावरच्या डागाला साबण लागला की तसंच होतं, एवढंच तू म्हणालीस. घरात कापलेल्या भेंड्यांचा ढीग होता आणि रोज तीच भाजी म्हणून बाबा कुरकुरत होते. ते दिवस फार मजेत गेले.

लग्न लागलं. पाहुणे जेवायला उठायच्या जरा आधी तू तांब्या घेऊन टेबलांमधून फिरलीस, सडा टाकल्यासारखं पाणी शिंपडत. स्टेजवरून मला त्याचं कौतुकच वाटलं. मग माणसं आली आणि गोंधळ उडाला. कार्डं ओली, पिवळीधमक. फुलं नाहीत, नावं नाहीत. लोक मात्र पंगतीच्या सवयीनं मिळेल तिथं बसून मोकळे झाले. थोरले सासरे तेवढे एकेक कार्ड उचलून उलटंपालटं करत फिरत राहिले, आणि शेवटी एकच खुर्ची उरली, ती आमच्या टेबलाजवळच बसलेल्या माझ्या सासऱ्यांच्या शेजारची.

"माझं नाव कुठं हाय?" त्यांनी हवेला विचारावं तसं विचारलं.

सासऱ्यांनी समोरचं कोरं कार्ड वर केलं. "माझं बी पुसलं. बस. भात निवून राहिला."

थोरले बसले. भाताकडं पाहत राहिले, मग म्हणाले, "हा भात कोणत्या कढईत शिजला? भोक तं नव्हतं ना तिला?"

सासऱ्यांना ठसका लागला. पाण्याचा गिलास थोरल्यांनीच पुढं केला. नवरीनं असं हसू नये, पण मी मुंडावळ्या हलेपर्यंत हसले.

निघताना तुला विचारलं, तर तू म्हणालीस, "माशा बसून राहिल्या होत्या गं. लिंबू पिळून पाणी शिंपडलं जरासं." मी मानलं, कारण माशा होत्याच. पण सासरी पेटी उघडली तर वरच आमची दोघांची कार्डं, तू घातलेली. कोरडी ठणठणीत. दोन्ही नावं लालभडक, फुलं जागच्या जागी. आमच्याच टेबलावर माशा नव्हत्या का, माय?

पुढं तू बरीच वर्षं होतीस. थोरले सासरे दर हंगामात कढई न्यायला आले की तुझी आठवण निघायची, आणि मी माहेरी यायची ती या खेपेला विचारू म्हणूनच. विचारलं नाही. तू "न्हाई गं, खरंच माशा होत्या" म्हणाली असतीस तर मी काय केलं असतं, कोण जाणे.

हे पत्र पाठवायला जागा नाही. घडी करून त्या दोन कार्डांमध्ये ठेवून देईन. एक मात्र सांगायचं राहिलं. लेकीची होणारी सासू आणि तिची जाऊ एकमेकींचं तोंड बघत नाहीत. छापखान्याची शाई लिंबानं जात नाही. मी आत्ताच स्वयंपाकघरात जाऊन बघून आले.